पिशवीवरचं लेबल

"सर, दोन्हीले एकच आयपी भेटून रायला."

वाशीमच्या आमच्या प्रयोगशाळेत मागच्या बाकावरून हे वाक्य आलं, तेव्हा मला वाटलं, पोराने तारा चुकीच्या जोडल्या असतील. जवळ जाऊन पाहिलं. पडद्यावर दोन संगणक, मध्ये एक स्विच, बाजूला पत्ते वाटणारा डीएचसीपी सर्व्हर. सगळं आभासी, सगळं एका जुन्या डेस्कटॉपच्या पोटात चाललेलं. तारा बरोबर होत्या. दोन्ही यंत्रांचे मॅक पत्ते वेगळे होते. तरी पहिल्याला १९२.१६८.१०.५१ मिळाला होता आणि दुसऱ्यालाही तोच. एकाचं पिंग सुरू झालं की दुसऱ्याचं बंद पडायचं.

उलगडा व्हायला तीन दिवस गेले. आम्ही उबंटू सर्व्हर एकदाच बसवला होता आणि त्या एका डिस्कवरून हवी तितकी यंत्रं काढत होतो. बसवतानाच लिनक्स स्वतःला एक ओळखक्रमांक देऊन टाकतं. ‘मशीन-आयडी’ नावाच्या एका चिमुकल्या फाइलीत ३२ अक्षरांचा तो क्रमांक पडून असतो. उबंटू सर्व्हरमधला नेटवर्क सांभाळणारा भाग पत्ता मागायला जातो, तेव्हा मॅक पत्त्याच्या भरवशावर जात नाही. या क्रमांकावरून बनवलेली ओळख पुढे करतो. एका डिस्कवरून निघालेल्या सगळ्या यंत्रांकडे क्रमांक तोच. जुळ्या भावांनी एकच आधार कार्ड घेऊन रेशन दुकानात जावं तसं झालं. दुकानदाराच्या लेखी माणूस एकच. डिस्क साचा म्हणून बंद करण्याआधी ती फाइल रिकामी करून ठेवायची, म्हणजे प्रत्येक यंत्र पहिल्यांदा उठताना आपला क्रमांक आपणच तयार करतं. दुरुस्ती एवढीच, एका ओळीची.

ती ओळ मी फळ्यावर लिहिली आणि पोरांनी वहीत उतरवून घेतली. पुढच्या वर्षी नवी पोरं आली, नव्या डिस्क तयार झाल्या, आणि मागच्या बाकावरून तेच वाक्य पुन्हा आलं. त्या दिवशी माझ्या लक्षात आलं की ती ओळ वहीत राहून कामाची नाही. तिची जागा साच्यात आहे, आणि साच्याची जागा अशा ठिकाणी आहे जिथून तो कुणालाही उचलता येईल. ही पुस्तिका त्या दुसऱ्या खेपेच्या वाक्यातून जन्मली.

ज्यांना हा विषय नवा आहे त्यांच्यासाठी थोडं मागून सांगतो. नेटवर्किंग शिकायचं तर राउटर, स्विच, फायरवॉल ही यंत्रं हाताखालून जायला हवीत, आणि ती महाग असतात. एका विद्यार्थ्याला एकट्याला चार राउटरांची मांडणी मिळावी, ही गोष्ट मोठ्या शहरातही सोपी नाही. आमच्यासारख्या ठिकाणी तर एका राउटरभोवती पंधरा डोकी असतात आणि हात चालतात दोघांचेच. म्हणून बहुतेकांची सुरुवात सिस्कोच्या पॅकेट ट्रेसरवर होते. साधन चांगलं आहे, मी स्वतः त्यावर शिकवतो. पण पॅकेट ट्रेसरमधला राउटर हे राउटरचं सोंग आहे. सोंग हुबेहूब वठलेलं असतं, मात्र पाठ केलेल्या बोलीपलीकडचं काही विचारलं की ते गप्प बसतं. दुसरी एक रीत आहे. तिच्यात यंत्राचं लोखंड तेवढं खोटं असतं. त्याच्या आत चालणारी प्रणाली खरीखुरी, प्रत्यक्ष कामावर लावलेल्या राउटरात असते तीच. त्यामुळे तिथे ज्या चुका होतात त्याही खऱ्याच असतात, आणि शिकणाऱ्याला त्यांचीच गरज असते.

या दुसऱ्या रीतीची वाट सामान्य विद्यार्थ्यासाठी मोकळी झाली ती २००५ साली. फ्रान्समधल्या क्रिस्तोफ फियो यांनी डायनामिप्स नावाचा प्रोग्रॅम लिहायला घेतला. सिस्कोचा ७२०० मालिकेतला राउटर साध्या संगणकावर उभा करणारा. तो वापरायला किचकट होता. त्यावर जेरेमी ग्रोसमान यांनी चित्रांचं आवरण चढवलं आणि २००८ च्या सुमारास जीएनएस३ लोकांच्या हाती आलं. माउसने राउटर उचलायचा, पटलावर ठेवायचा, तार ओढायची, सुरू करायचं. मूळ लिखाण खुलं, वापरायला फुकट. पुढे त्यात डायनामिप्सच्या जोडीला क्यूएमू आलं. फाब्रिस बेलार यांनी २००३ मध्ये आणलेला हा प्रोग्रॅम आख्खा संगणकच आभासी उभा करतो. त्याला वेग देणारं केव्हीएम फेब्रुवारी २००७ मध्ये लिनक्सच्या गाभ्यात दाखल झालं. या दोन्ही प्रकल्पांत रेड हॅटच्या पुण्यातल्या कार्यालयातल्या अभियंत्यांनीही काम केलेलं आहे, हे मी वर्गात मुद्दाम सांगतो. पोरांना वाटतं, ही सगळी परदेशातल्या कुणा अदृश्य माणसांची करणी. पुणे त्यांना एका रात्रीच्या ट्रॅव्हल्सच्या अंतरावर दिसतं.

क्यूएमू आल्याने नुसते सिस्कोचे राउटर नाहीत, तर डिस्कवर मावेल ते सगळं पटलावर येऊ शकलं: मिक्रोटिक, व्हायओएस, ओपनडब्ल्यूआरटी, पीएफसेन्स, साधं लिनक्स. आणि तिथेच नवी अडचण उभी राहिली. प्रत्येक प्रणालीचा स्वभाव वेगळा. एकीला नेटवर्क कार्ड या जातीचं लागतं, दुसरीला त्या जातीचं. एक ६४ एमबी मेमरीत सुखाने नांदते, दुसरी चार जीबी दिल्याशिवाय डोळे उघडत नाही. एकीशी टेलनेटने बोलायचं, दुसरीला चित्राचा पडदाच हवा. ही सगळी माहिती कुणीतरी एकदा खटपट करून मिळवलेली असते. ती एका ठरलेल्या आकाराच्या फाइलीत लिहून ठेवली की झाला साचा, म्हणजेच टेम्प्लेट. जीएनएस३ ची मंडळी त्या फाइलीला ‘अप्लायन्स’ म्हणतात.

आता इथे एक गोष्ट नीट समजून घ्यायला हवी, कारण नवखा माणूस हमखास इथेच अडखळतो. साच्याच्या फाइलीत ती प्रणाली नसते. डिस्क नसते. काही केबींची एक साधी मजकुराची फाइल, एवढाच तो ऐवज.

वाशीमच्या पोरांना हे मी बियाण्याच्या पिशवीवरून समजावतो. सोयाबीनच्या पिशवीला शिवलेलं लेबल सगळ्यांनी पाहिलेलं असतं; प्रमाणित बियाण्याचं निळं, पायाभूत बियाण्याचं पांढरं. त्यावर पीक, वाण, लॉट नंबर, उगवणशक्तीचा टक्का, तपासणीची तारीख. लेबल पेरून काही उगवत नाही. पण लेबलाशिवायची पिशवी शहाणा शेतकरी घरात घेत नाही, आणि लेबल एकाचं, बी दुसऱ्याचं असलं तर हंगाम गेला. जीएनएस३ चा साचा म्हणजे हे लेबल. कोणती प्रणाली, कोणती आवृत्ती, डिस्कच्या फाइलीचं नाव काय, ती किती बाइटची, कुठून आणायची, तिला किती मेमरी लागेल, किती कार्डं, कसली. आणि लॉट नंबराच्या जागी एमडी५ चा ठसा.

हा ठसा म्हणजे फाइलीतल्या प्रत्येक बिटावरून गणिताने काढलेली ३२ अक्षरं. पाचशे एमबीच्या फाइलीत एक बिट जरी इकडचं तिकडे झालं, तरी ३२ अक्षरं पार बदलतात. जीएनएस३ तुमच्या संगणकावरच्या फाइलीचा ठसा काढतं आणि साच्यातल्या ठशाशी ताडून पाहतं. जुळला तर पुढे, नाही तर नाही. एमडी५ आता जुनं झालं. मुद्दाम घातपात करणाऱ्यापासून ते वाचवू शकत नाही, हे २००४ पासून जगाला माहीत आहे. पण अर्धवट उतरलेली, वाटेत खराब झालेली, नाव तेच ठेवून आवृत्ती बदललेली फाइल ते बरोबर पकडतं. आमच्याकडे मोबाईलच्या हॉटस्पॉटवर मध्यरात्री उतरवलेल्या फाइलींचं प्रमाण पाहता ही पकड फार मोलाची आहे.

लेबल आणि पिशवी वेगळी ठेवण्यात नुसती सोय नाही, नीतीही आहे. सिस्कोची, जुनिपरची प्रणाली ही त्यांची मालमत्ता. ती वाटण्याचा हक्क ना जीएनएस३ ला आहे, ना मला, ना माझ्या विद्यार्थ्याला. साचा एवढंच सांगतो: ही प्रणाली ज्याची आहे त्याच्याकडून रीतसर घेऊन ये, मी ती उभी करून देतो. याच्या उलट जे सर्रास चालतं ते पेनड्राइव्ह. काही वर्षांपूर्वी मोठ्या शहरातल्या एका क्लासला जाऊन आलेला एक जण असाच ‘सगळ्या इमेजेस’ भरलेला पेनड्राइव्ह घेऊन आला. मोह मलाही झाला. आम्ही ठसे काढून साच्यांशी ताडले तर निम्म्या फाइली कशाशीच जुळेनात. कुणी त्यात काय घातलं होतं, काय काढलं होतं, सांगणार कोण? त्या फाइली आम्ही पुसून टाकल्या. तेव्हापासून प्रयोगशाळेत नियम आहे की ज्याचं लेबल नाही ते यंत्रावर चढणार नाही. या पुस्तिकेतली सगळी उदाहरणंही मोकळेपणाने मिळणाऱ्या प्रणालींचीच घेतली आहेत.

साच्यात नेमकं काय लिहायचं ते पुढच्या प्रकरणांत सविस्तर येईल, पण एक जागा मी इथेच उलगडून दाखवतो, कारण साचा लिहिणं ही किती बारीक नजरेची गोष्ट आहे ते तिच्यावरून कळतं. मिक्रोटिक ही लॅटव्हियातल्या रिगा शहराची कंपनी. गावोगावी घरोघर इंटरनेट पुरवणारे आपल्याकडचे अनेक छोटे केबलवाले तिचे राउटर वापरतात, त्यामुळे आमच्या पोरांना पहिली नोकरी लागते ती बऱ्याचदा त्यावरच. तिचा आभासी अवतार, क्लाउड होस्टेड राउटर, फुकट मिळतो. फुकटच्या परवान्यात प्रत्येक पोर्टवर एक एमबीपीएसची मर्यादा, जी शिकायला आड येत नाही. आता या राउटरच्या आत पोर्टांची नावं ‘ईथर१’, ‘ईथर२’ अशी एकापासून सुरू होतात. जीएनएस३ ला कुणी वेगळं सांगितलं नाही तर ते पटलावर ‘ईथरनेट०’ पासून मोजायला लागतं. पोरगं तार ओढतं ‘ईथरनेट१’ ला, आज्ञा देतं ‘ईथर१’ ला, आणि दोन तास डोकं धरून बसतं. तार एका पोर्टात, पत्ता दुसऱ्या. दोष ना तारेचा, ना आज्ञेचा, ना पोराचा. साच्यात पोर्टांच्या नावांची पद्धत सांगणारी एक ओळ असते. तिच्यात ‘ईथर’ पुढे कंसात ‘पोर्ट१’ लिहिलं की मोजणी एकापासून सुरू होते. कुणीतरी ती लिहिली म्हणून आज हजारो लोकांचे ते दोन तास वाचतात, आणि वाचले हे त्यांना कधी कळतही नाही.

अशीच एक ओळ केव्हीएमची. तिथे तीन शब्दांपैकी एक लिहायचा असतो: लागेलच, चालेल, किंवा नको. ‘लागेलच’ लिहिलं आणि संगणकाच्या बायोसमध्ये व्हर्च्युअलायझेशन बंद असलं, तर यंत्र सुरूच होत नाही. ‘चालेल’ लिहिलं तर हळू का होईना, पण उठतं. ज्याच्या टेबलावर नवाकोरा संगणक आहे तो सहज ‘लागेलच’ लिहून मोकळा होतो. ते खोटंही नसतं. त्याच्यासमोर तो प्रश्नच कधी आलेला नसतो.

मला या पुस्तिकेतून जे सांगायचं आहे ते इथे आहे. साच्यात लिहिणाऱ्याची परिस्थिती उतरते. ज्याच्याकडे ३२ जीबी मेमरी आहे, तो प्रत्येक यंत्राला दोन जीबी लिहितो आणि त्याचं सगळं सुरळीत चालतं. आमच्याकडे चार जीबीचे संगणक आहेत. त्यातली दीडेक जीबी तो संगणक स्वतःच खातो. उरलेल्यात चार राउटर आणि दोन संगणक बसवायचे असतात. मग आम्ही एकेक यंत्र घेऊन त्याची मेमरी कमी करत जातो: ५१२, ३८४, २५६, १९२, कुठे ते उठायचं थांबतं ते पाहतो आणि त्याच्या एक पायरी वर थांबतो. हे काम कंटाळवाणं आहे आणि मोठ्या प्रयोगशाळेत ते कुणी करणार नाही, कारण तिथे त्याची गरज नाही. पण जगात आमच्यासारख्या प्रयोगशाळा मोठ्या प्रयोगशाळांपेक्षा कितीतरी जास्त आहेत. टांझानियातला, नेपाळमधला, मेळघाटातला मास्तर तेच करत बसला असेल. आपण शोधलेला आकडा त्याच्यापर्यंत पोचवायचा तर तो साच्यात घालून वर पाठवणं हाच रस्ता.

विजेचंही तसंच. दुपारी लाइट गेली की आभासी यंत्रं धाडकन मरतात, आणि काही प्रणाली त्यातून पुन्हा नीट उठत नाहीत. कोणती उठते आणि कोणती नाही, हे आम्हाला प्रयोग न करताच कळत गेलं. मुळातली डिस्क जशीच्या तशी ठेवून प्रत्येक यंत्राचे बदल वेगळ्या फाइलीत लिहायची सोय क्यूएमूच्या क्यूकाउ२ या डिस्कप्रकारात आहे. जीएनएस३ तीच वापरतं, म्हणून एका डिस्कवर दहा यंत्रं उभी राहतात आणि एक बिघडलं तर त्याच्यापुरती वरची फाइल टाकून देता येते. या सोयीने आमचे किती तास वाचवले असतील, त्याला गणती नाही.

मेमरीची काटकसर जमवणाऱ्यांसाठी वाटेवर आधीच काही भली माणसं भेटतात. व्हीपीसीएस नावाचा चिमुकला प्रोग्रॅम पिंग करण्यापुरता संगणक होऊन बसतो आणि मेमरी जवळजवळ खातच नाही. मायक्रोकोअर लिनक्सची डिस्क अवघी सोळा-सतरा एमबीची, मेमरी ६४ एमबी. पटलावर सहा संगणक हवेत तर सहा उबंटू कशाला? हे मलाही फार उशिरा सुचलं. मशीन-आयडीचा सगळा घोळ ज्या प्रयोगात झाला, त्या प्रयोगाला उबंटूची गरजच नव्हती.

आता पाठवायचं कसं. जीएनएस३ च्या साच्यांचं कोठार गिटहबवर आहे, सगळ्यांना खुलं. त्याची आपली प्रत काढायची, तिच्यात आपली फाइल घालायची किंवा असलेली सुधारायची, आणि मग ‘हा बदल घ्या’ अशी विनंती करायची. तिलाच पुल रिक्वेस्ट म्हणतात. फाइल जेसन या मांडणीत लिहितात. त्या मांडणीत शेवटच्या नोंदीनंतर स्वल्पविराम राहिला तरी सगळी फाइल नापास. कोठाराबरोबर एक तपासणीचा पायथन प्रोग्रॅम येतो, तो पाठवण्याआधी घरीच चालवायचा. तो तुम्हाला चूक दाखवेल, पण फक्त मांडणीतली. यंत्र खरंच उठतं का, तारा खरंच बोलतात का, ते तो पाहू शकत नाही. ते तुम्हालाच पाहायचं आहे.

इथे मी पुन्हा सोयाबीनकडे वळतो. मे महिन्यात आमच्या भागात घरचं बियाणं पेरणारे शेतकरी ओल्या गोणपाटावर शंभर दाणे मोजून मांडतात, दहा-दहाच्या ओळी. गोणपाट गुंडाळून सावलीत ठेवतात, रोज पाणी शिंपडतात. सहा-सात दिवसांनी उलगडून कोंब आलेले दाणे मोजतात. सत्तरच्या वर निघाले तर बियाणं पेरायला योग्य, कमी निघाले तर त्या मानाने एकरी बियाणं वाढवायचं. २०२० च्या खरिपात विकतचं सोयाबीन उगवलं नाही म्हणून राज्यभर तक्रारींचा पाऊस पडला, तेव्हा या गोणपाटाची किंमत पुन्हा सगळ्यांना कळली. त्यात मला आवडतं ते हे की दाणे निवडून घेत नाहीत. मूठ जशी येईल तशी. चांगले टपोरे शंभर वेचून घातले तर आकडा छान येईल आणि शेत फसेल. साच्याची चाचणीही अशीच करायला हवी. ज्या संगणकावर तो बनवला त्याच संगणकावर चालवून पाहणं म्हणजे वेचलेले दाणे. आमच्याकडे साचा बनवणाऱ्याने तो तपासायचा नाही. वर्गातल्या सगळ्यात जुन्या संगणकावर, ज्याने तो प्रयोग कधी केलेला नाही अशा विद्यार्थ्याने, नुसतं साच्यात लिहिलेलं वाचून यंत्र उभं करायचं. तो जिथे थांबून विचारतो, तिथे साच्यात एक ओळ कमी आहे.

विनंती पाठवली की पलीकडे कुणीतरी माणूस ती वाचतो. कधी दोन दिवसांत उत्तर येतं, कधी बरेच आठवडे जातात. कधी प्रश्न येतो: ही आवृत्ती कुठून उतरवलीत, हा दुवा चालत नाही, जुनी आवृत्ती का काढलीत. पोरं सुरुवातीला याने खचतात, परीक्षेत गुण कापल्यासारखं त्यांना वाटतं. त्यांना मी सांगतो की त्या माणसाने तुझी फाइल वाचली, वेळ दिला, म्हणून प्रश्न आला. उत्तर थोडक्यात द्यायचं, खरं द्यायचं, आणि माहीत नसेल तर तपासून सांगतो म्हणायचं.

जीएनएस३ हेच एक कोठार नाही. ईव्ह-एनजी आहे, कंटेनरलॅब आहे. त्यांच्या साच्यांची मांडणी वेगळी, पण कुणीतरी आधी झिजून पुढच्याची वाट सोपी करायची, ही गोष्ट तीच. ज्यांना ती वाट हवी त्यांना पुस्तिकेच्या शेवटी धागा मिळेल.

महाराष्ट्रात याचं मोठं उदाहरण मुंबईतच आहे. आयआयटी मुंबईचा फॉसी हा प्रकल्प केंद्र सरकारच्या मदतीने खुल्या सॉफ्टवेअरचा शिक्षणात प्रसार करतो. प्राध्यापक कन्नन मौदगल्य यांचं नाव त्याच्याशी आणि स्पोकन ट्युटोरियलशी जोडलेलं आहे; स्पोकन ट्युटोरियलचे पाठ मराठीतही ऐकता येतात आणि आमच्या कित्येक मुलांनी लिनक्सचा पहिला धडा तिथेच ऐकला. फॉसीने एक रीत पाडली, ती मला फार मोलाची वाटते. अभियांत्रिकीच्या एखाद्या प्रचलित पुस्तकातली सोडवलेली उदाहरणं विद्यार्थ्याने सायलॅबमध्ये करून द्यायची, ती तपासून सगळ्यांसाठी खुली ठेवायची. तसंच, विकतच्या सॉफ्टवेअरवर चालणारी महाविद्यालयातली प्रयोगशाळा खुल्या सॉफ्टवेअरवर आणायची आणि ते प्रयोग पुढच्यांसाठी मांडून ठेवायचे. म्हणजे एका महाविद्यालयाच्या चार भिंतींत दरवर्षी लिहून दरवर्षी रद्दीत जाणारं काम देशाच्या उपयोगी पडतं. आपल्याकडे प्रात्यक्षिकाच्या जर्नलांचे गठ्ठे दर उन्हाळ्यात रद्दीवाल्याकडे जातात, आणि ते पाहून मला वाईट वाटतं. त्यातल्या एखाद्या पानावर मशीन-आयडीची ओळ असते.

वाशीमबद्दल एक गोष्ट सांगायचा मोह आवरत नाही. १ जुलै १९९८ ला अकोल्यातून वेगळा झालेला हा जिल्हा. सहा तालुके, सोयाबीन आणि तूर. २०१८ मध्ये नीती आयोगाच्या आकांक्षित जिल्ह्यांच्या यादीत त्याचं नाव आलं. ती यादी मागे पडलेल्यांना पुढे आणण्यासाठी आहे आणि तिचा उपयोगही झाला, पण यादीत नाव असलं की आपण घेणारे, देणारे दुसरे, हे पोरांच्या मनात नकळत बसतं. हेच वाशीम एके काळी वत्सगुल्म होतं, वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. राजशेखराने ‘काव्यमीमांसे’त काव्यपुरुषाचं आणि साहित्यविद्येचं लग्न लावलं ते याच वत्सगुल्मात, आणि काव्यरचनेच्या एका रीतीला या गावावरून ‘वच्छोमी’ हे नाव पडलं. लिहिण्याची एक पद्धत इथून निघाली आणि देशभरच्या जाणकारांनी ती या गावाच्या नावाने ओळखली. पद्मतीर्थाजवळून जाताना मला हे दर वेळी आठवतं, आणि पोरांना मी ते सांगतोच.

पुस्तिकेबद्दल थोडं. पहिल्या दोन प्रकरणांत जीएनएस३ बसवणं आणि तयार साचे वापरणं आहे. ज्यांना ते येतं त्यांनी सरळ तिसऱ्यावर जावं. तिसऱ्यात डिस्क तयार करणं: ओळखक्रमांक रिकामे करणं, एसएसएचच्या जुन्या किल्ल्या काढून टाकणं, सीरियल कन्सोल चालू करणं, रिकामी जागा शून्यांनी भरून डिस्क दाबून लहान करणं. चौथं सगळ्यात लांब आहे, साच्याच्या प्रत्येक ओळीवर. ते मी तीनदा लिहिलं आणि तरी ते पुरं झालंय असं वाटत नाही. आज्ञा आणि फाइलींची नावं जशी टाइप करायची तशी दिली आहेत, बाकी भाषा वर्गात बोलतो ती. कुणी म्हणेल, साचा इंग्रजीत लिहायचा, मग पुस्तिका मराठीत कशाला? कारण अडतं ते इंग्रजीपाशी नाही, समजण्यापाशी. समजलं की चार ओळी इंग्रजी कुणीही लिहितो.

आमचा पहिला साचा पाठवायच्या आदल्या संध्याकाळी तो मागच्या बाकावरचा मुलगा आणि मी शेवटची नजर फिरवत होतो. साच्यात ‘मेंटेनर’ नावाची जागा असते: याची काळजी कोण घेतो, त्याचं नाव आणि ईमेल.

"सर, इथं कोनाचं टाकू? तुमचं?"

"केलंय कोणी?"

तो थोडा वेळ गप्प बसला. "पन मग कोनी विचारलं त मलेच उत्तर द्या लागन."

"हो."

त्याने आपलं नाव लिहिलं. मग विचारलं, गावाचं नाव कुठे लिहायचं. मी सगळी यादी वरून खाली पाहिली. गावासाठी जागा नव्हती. वापराच्या सूचना लिहायची एक मोकळी जागा मात्र असते. तिथे त्याने आधी मशीन-आयडीची ओळ घातली, आणि तिच्याखाली आणखी एक: ४ जीबी मेमरीच्या संगणकावर, व्हर्च्युअलायझेशन बंद ठेवून तपासलेलं, हळू, पण उठतं.